दोस्ताचं घर शोधणारा मुलगा

आठ वर्षांचा अहमद घरी येऊन अभ्यासाला बसतो, तेव्हा त्याच्या लक्षात येतं की आपल्याकडे एकसारख्या दोन वह्या आल्या आहेत. एक त्याची. दुसरी वर्गात शेजारी बसणाऱ्या मोहम्मद रझा नेमतजादेची. त्याच दिवशी मास्तरांनी या नेमतजादेला सगळ्या वर्गासमोर सुनावलेलं असतं, कारण त्याने गृहपाठ वहीत न लिहिता सुट्या कागदावर लिहिलेला असतो. पुन्हा असं झालं तर शाळेतून काढून टाकीन, अशी धमकी असते. पोरगं हुंदके देऊन रडलेलं असतं. आता त्याची वही अहमदकडे, आणि नेमतजादे डोंगरापलीकडच्या पोश्तेह गावात. अहमद आईला सांगतो, पुन्हा पुन्हा सांगतो. आई कपडे धुण्यात, बाळाला सांभाळण्यात गुंतलेली. तिचं एकच : आधी अभ्यास कर. शेवटी पोरगं वही घेऊन पळत सुटतं.

एवढीच गोष्ट. इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तमी यांचा हा १९८७ सालचा चित्रपट. मूळ फारसी नाव 'खाने-ये दोस्त कोजास्त', म्हणजे 'दोस्ताचं घर कुठे आहे'. लांबी जेमतेम दीड तास. मारामारी नाही, गाणी नाहीत, नावाजलेले नट नाहीत. उत्तर इराणच्या गीलान प्रांतातल्या कोकर गावची साधी माणसं आणि साधी मुलं यात आहेत. अहमद आणि नेमतजादे यांची कामं करणारी दोन मुलं खऱ्या आयुष्यात सख्खे भाऊ.

बी.एड. होऊन मी शाळेत नुकतीच लागले होते, तेव्हा धाकट्या भावाने या चित्रपटाची सीडी आणली. अब्बांना सिनेमा फारसा पसंत नसे. त्या दिवशी मात्र ते चहाचा कप घेऊन बसले ते शेवटपर्यंत उठले नाहीत. संपल्यावर एवढंच म्हणाले, "पोरानं अमानत सांभाळली." मी इंग्रजी सबटायटल वाचत होते. त्यांना इंग्रजी येत नव्हतं. लहानपणी मौलवीसाहेबांकडे थोडी फारसी गिरवलेली, तेवढ्यावर त्यांनी जे पकडलं ते माझ्या हातून निसटलं होतं.

त्या एका शब्दामुळे मी हा चित्रपट नंतर अनेकदा बघितला. तो कुठून आला, त्याने काय बदललं, आणि माझ्यासारख्या शिक्षिकेला तो अजून का टोचतो, हे आज लिहायचं आहे.

ओळखीचे शब्द

मी उर्दू माध्यमाच्या शाळेत मराठी शिकवते. दोन भाषांच्या मधोमध उभं राहिल्याचा एक फायदा असा की तिसरी भाषा अर्धी कळते. या चित्रपटाच्या नावातला 'दोस्त' आपलाच. 'खाने' म्हणजे घर. आपल्या दवाखान्यात, कारखान्यात, तोफखान्यात तोच 'खाना' आहे.

अहमद छातीशी धरून पळतो ती वही. फारसीत वहीला 'दफ्तर' म्हणतात. उर्दूत दफ्तर म्हणजे कचेरी. मराठीत दप्तर म्हणजे कागदपत्रं, आणि शाळेच्या मुलाची पाठीवरची पिशवीसुद्धा. एकच शब्द तीन भाषांत तीन आकारांचा झाला. गृहपाठाला फारसीत 'मश्क' म्हणतात. उर्दू पाठ्यपुस्तकात धड्याखाली येतो तो 'मश्क' हाच. चित्रपटाचं नाव कवी आणि चित्रकार सोहराब सेपेहरी यांच्या एका कवितेवरून घेतलं आहे. त्या कवितेचं शीर्षक 'नेशानी'. आपल्याला वाटेल निशाणी म्हणजे खूण. फारसीत नेशानी म्हणजे पत्ता.

आपल्याकडे फारसी म्हटलं की काहींना परकीय राजवट आठवते आणि काहींना नुसती शायरी. पण रोजच्या मराठी वर्गात हजेरी घेणं, गैरहजर लिहिणं, कागद, शाई, दौत हे सगळं फारसीतून, अरबीतून आलेलं आहे. माधवराव पटवर्धन, म्हणजे कवी माधव जूलियन, यांनी १९२५ साली फारसी-मराठी कोश काढला तो काही उगाच नव्हे. म्हणून इराणच्या डोंगरातलं हे पोरगं 'दफ्तर, दफ्तर' करत दारोदार फिरतं, तेव्हा ती हाक मराठी कानालाही परकी वाटू नये.

कायद्याचा नसलेला 'कानून'

हा चित्रपट एका सरकारी संस्थेने काढला. तिचं लांबलचक नाव मराठीत सांगायचं तर 'बालक आणि किशोर यांच्या बौद्धिक विकासाचं केंद्र'. लोक तिला नुसतं 'कानून' म्हणतात. हा कायद्याचा कानून नव्हे. कायद्याचा कानून मोठ्या क़ाफने लिहितात, हा लहान काफने. याचा अर्थ केंद्र. माझ्या वर्गात काफ-क़ाफची गल्लत करणाऱ्या मुलांना मी हेच उदाहरण देते.

कानूनची स्थापना शहाच्या काळात, १९६० च्या दशकात झाली. मुलांसाठी वाचनालयं उघडायची, चांगली पुस्तकं छापायची, हे तिचं काम. दशकाच्या शेवटी तिथे चित्रपट विभाग सुरू झाला आणि तो उभा करणाऱ्यांत किआरोस्तमी होते. १९४० साली तेहरानमध्ये जन्मलेला, चित्रकला शिकलेला, जाहिराती करणारा हा तरुण मुलांसाठी चित्रपट करू लागला. १९७० सालचा त्यांचा पहिला लघुपट 'नान ओ कूचे', म्हणजे 'पाव आणि गल्ली'. पाव घेऊन घरी निघालेला मुलगा, गल्लीत वाट अडवून बसलेला कुत्रा, आणि मुलाची भीती. सतरा वर्षांनंतरच्या अहमदचं बी तिथे आहे.

मधल्या काळात इराण उलथापालथा झाला. ऑगस्ट १९७८ मध्ये आबादान शहरातल्या रेक्स चित्रपटगृहाला आग लावण्यात आली आणि आत अडकलेली शेकडो माणसं मेली. क्रांतीच्या धुमाळीत अनेक चित्रपटगृहं जाळली गेली. बऱ्याच धार्मिक लोकांच्या लेखी सिनेमा म्हणजे शहाच्या राजवटीची अश्लीलता होती. फेब्रुवारी १९७९ मध्ये खोमेनी परत आले तेव्हा त्यांनी पहिल्याच मोठ्या भाषणात सांगितलं की आमचा विरोध सिनेमाला नाही, त्याच्या गैरवापराला आहे. त्या वाक्याच्या आधारावर इराणी सिनेमा जिवंत राहिला, पण कडक अटींवर. पडद्यावरची बाई घरातसुद्धा डोक्यावर ओढणी घेऊनच वावरणार. नवरा-बायको हातात हात घेऊ शकणार नाहीत. मोठ्यांच्या जगातल्या निम्म्या गोष्टी सांगणंच अवघड झालं.

मुलांच्या गोष्टी मात्र सांगता येत होत्या. कानून क्रांतीनंतरही टिकली होती. इराकशी युद्ध चालू होतं, शहरांवर बॉम्ब पडत होते, आणि त्याच काळात या संस्थेतून अमीर नादेरींचा 'दवंदे' (म्हणजे 'धावणारा'), बहराम बेझाईंचा 'बाशू' आणि किआरोस्तमींचा हा चित्रपट आला. तिन्हींत मुलगा पळतो आहे किंवा कुठून तरी पळून आलेला आहे.

यावरून एक सरळ निष्कर्ष काढला जातो : सेन्सॉर चुकवायला इराणी दिग्दर्शक मुलांच्या आड लपले. हे अर्धंच खरं वाटतं. किआरोस्तमी क्रांतीच्या आधीपासून, सेन्सॉरची पद्धत वेगळी होती तेव्हाही, मुलांवरच चित्रपट करत होते. लहान मुलाच्या अंगात जी नैतिक ओढ असते ती मोठ्यांनी कशी पायदळी तुडवलेली असते, हा त्यांचा विषयच होता. क्रांतीने त्यांना हा विषय दिला नाही. फार तर बाकीचे रस्ते बंद झाल्यामुळे हा एक रस्ता सगळ्यांच्या नजरेत आला.

आजोबांची सिगारेट

बरेच जण या चित्रपटाला निरागस म्हणतात. मला तो निरागस वाटत नाही. मधला एक प्रसंग सांगते. अहमद पोश्तेहहून धापा टाकत परत येतो. घर सापडलेलं नसतं. वाटेत आजोबा बसलेले. ते त्याला घरून सिगारेट आणायला पिटाळतात. तो गेल्यावर शेजारचा म्हातारा म्हणतो, घ्या, माझ्याकडे आहेत. आजोबा म्हणतात, आहेत की माझ्याही खिशात. मला सिगारेट नको होती, पोराला वळण लागायला हवं होतं. मग ते आपल्या लहानपणाचं सांगतात. बाप दर आठवड्याला एक नाणं देई आणि पंधरवड्याला मार. कधीकधी नाणं द्यायला तो विसरे. मार द्यायला कधीच विसरला नाही.

हे ते तक्रार म्हणून सांगत नाहीत. अभिमानाने सांगतात. असे आजोबा मी पालकसभेत दरवर्षी भेटते. "टीचर, हाडं आमची, चामडी तुमची," असं म्हणून पोराला माझ्या ताब्यात देणारे. त्यात प्रेम नसतं असं नाही. पण हुकूम मानणं हेच वळण, हुकूम कशासाठी आहे हे विचारू नये, हे त्यांच्या मनात पक्कं बसलेलं असतं.

अहमद उद्धट नाही, हे या चित्रपटात मला फार महत्त्वाचं वाटतं. तो आईला उलटून बोलत नाही, आजोबांना नाही म्हणत नाही. प्रत्येक मोठ्या माणसाला अदबीने विचारतो, नेमतजादेंचं घर कुठे. आणि तरीही ऐकत नाही. अदब आणि ताबेदारी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे तो कुठलंही भाषण न देता दाखवून देतो. आपल्या समाजात, मराठी म्हणा की मुस्लिम म्हणा, या दोन्ही गोष्टी आपण एकाच पिशवीत कोंबतो. मूल प्रश्न विचारायला लागलं की 'बेअदब' हा शिक्का तयार असतो.

मग अहमद कशाच्या जोरावर निघतो? अब्बांनी सांगितलं तेच, अमानत. दुसऱ्याची वस्तू आपल्याकडे आली की ती त्याची त्याला पोचवायची, ही शिकवण आपल्या घराघरांत मुलाला नमाजच्या बरोबरीने दिली जाते. मराठीत 'अनामत रक्कम' म्हणतो तोही हाच शब्द, अक्षरं इकडची तिकडे झालेला. चित्रपटात कुणी धर्माचं नाव काढत नाही, कुणी आयत ऐकवत नाही. तरीही मुस्लिम घरातला नीतीचा एक मुख्य धागा एवढ्या स्पष्टपणे पडद्यावर मी दुसरीकडे क्वचितच पाहिला. इराण म्हणजे ओलीस धरलेले वकील आणि मुठी उगारलेला जमाव एवढंच ज्यांनी बातम्यांत पाहिलं होतं, त्या जगाने हा मुलगा बघितला.

डोंगरावरची नागमोडी वाट

१९८९ साली स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नो महोत्सवात या चित्रपटाला 'ब्राँझ लेपर्ड' पारितोषिक मिळालं आणि किआरोस्तमींचं नाव युरोपात पोचलं. उजाड टेकडी, तिच्यावर चढणारी नागमोडी वाट, माथ्यावर एकटं झाड, आणि त्या वाटेवर पळणारा एक ठिपका. हे चित्र नव्या इराणी सिनेमाची ओळख होऊन बसलं.

पण २१ जून १९९० च्या रात्री त्या भागात भूकंप झाला. मंजील-रूदबारचा भूकंप. गावंच्या गावं झोपेत गाडली गेली, हजारो माणसं मेली. कोकर, पोश्तेह त्याच पट्ट्यात. किआरोस्तमी आपल्या मुलाला घेऊन गाडीने तिकडे निघाले. आपल्या चित्रपटातली ती दोन मुलं जिवंत आहेत का, हे बघायला. या प्रवासावरून १९९२ साली त्यांनी 'जेंदगी व दीगर हीच' हा चित्रपट केला : जिंदगी, आणि बाकी काही नाही. त्यातला दिग्दर्शक जुन्या चित्रपटाचं पोस्टर दाखवत रस्त्यावरच्या लोकांना विचारतो, या मुलाला पाहिलंत का? म्हणजे दोस्ताचं घर शोधण्याची पाळी आता मोठ्या माणसावर आली. मुलं सापडली की नाही हे चित्रपट दाखवत नाही. दाखवतो ते ढिगाऱ्यांमध्ये टीव्हीचा अँटेना उभारणारे लोक, कारण फुटबॉलचा विश्वचषक चालू आहे. घरातली माणसं गेली आहेत आणि सामनाही बघायचा आहे. ती दोन मुलं प्रत्यक्षात वाचली होती. १९९४ च्या 'थ्रू द ऑलिव्ह ट्रीज' मध्ये ती पुन्हा दिसतात. समीक्षकांनी या तिन्ही चित्रपटांना 'कोकर त्रयी' असं नाव दिलं.

हा दुसरा चित्रपट बघताना मी सोलापुरातल्या आमच्या गल्लीत जाऊन पोचते. ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट. आदल्या रात्री गणपती विसर्जन झालेलं. मांडणीवरची भांडी वाजू लागली आणि अम्मीने आम्हाला हाताला धरून अंगणात ओढलं. आमचं काही गेलं नाही. पण किल्लारी, सास्तूर आणि भोवतालच्या गावांत हजारो माणसं मातीच्या भिंतींखाली गेली. पुढे काही महिन्यांनी तिकडचा एक मुलगा मामाकडे राहायला म्हणून आमच्या शाळेत आला. त्याला कुणी काही विचारलं नाही. फक्त तो अभ्यास करत नाही म्हणून मार खायचा. आज वाटतं, त्याचं घर कुठे होतं हे आमच्यापैकी एकानेही विचारलं असतं तर?

चपला, मासा आणि सायकल

यानंतरच्या दहा वर्षांत इराणी मुलांचा सिनेमा जगभर गेला. १९९५ साली जफर पनाहींच्या 'द व्हाइट बलून' ला कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीचा 'कॅमेरा दोर' मिळाला. पटकथा किआरोस्तमींची होती. नौरोजसाठी सोनेरी मासा घ्यायला निघालेली छोटी मुलगी, आणि तिचे हरवलेले पैसे. १९९७ मध्ये माजिद मजीदींचा 'चिल्ड्रन ऑफ हेवन' आला. एका बुटाच्या जोडावर दोन पाळ्यांत शाळा करणारे बहीण-भाऊ. ऑस्करच्या अंतिम यादीत पोचलेला तो पहिला इराणी चित्रपट. त्याच वर्षी किआरोस्तमींना 'टेस्ट ऑफ चेरी' साठी कानचा सर्वोच्च सन्मान, पाम दोर, मिळाला. २००५ साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने चौदा वर्षांच्या आत मुलांनी बघावेत अशा पन्नास चित्रपटांची यादी केली, तेव्हा पहिल्या दहांत 'बायसिकल थीव्हज' च्या सोबत आपला अहमद होता.

आपल्याकडे 'चिल्ड्रन ऑफ हेवन' जास्त पोचला. प्रियदर्शन यांनी २०१० मध्ये त्यावरून 'बम बम बोले' केला, आणि मजीदी स्वतः पुढे मुंबईत येऊन 'बियाँड द क्लाउड्स' करून गेले. मराठीतही 'टिंग्या', 'किल्ला', 'एलिझाबेथ एकादशी' अशी मुलांच्या डोळ्यांनी जग बघणारी चित्रपटांची रांग याच सुमारास लागली. त्यांची मुळं आपल्या मातीतली आहेत, ती इराणला नेऊन लावण्याची गरज नाही. पण बैल, गाव, सायकल अशा एका साध्या वस्तूभोवती अख्खी गोष्ट उभी राहू शकते हे मानायला प्रेक्षक तयार झाला होता, आणि तो तयार करण्यात इराणी सिनेमाचा हात नक्की आहे.

इराणमध्ये मात्र सगळेच खूश नव्हते. परदेशी महोत्सवांना आवडतो म्हणून गरीब, खेडवळ इराण विकता, हा आक्षेप किआरोस्तमींवर कायम होता. पाम दोर घेताना कॅथरीन दनव्ह यांनी त्यांच्या गालाला गाल लावला, तर मायदेशी गहजब झाला. इकडून सरकारधार्जिणे म्हणणारे, तिकडून पाश्चात्त्यांचे लाडके म्हणणारे. मुस्लिम लेखक-कलावंतांना हा दुहेरी मार काही नवा नाही. मराठीत लिहिणाऱ्या आम्हालाही तो माहीत आहे : तिकडचे विचारतात उर्दूत का नाही, इकडचे विचारतात मराठी इतकं चांगलं कसं येतं.

तंबी आणि तश्वीक

१९८९ मध्ये किआरोस्तमींनी आणखी एक काम केलं. 'मश्क-ए शब', म्हणजे रात्रीचा अभ्यास. तेहरानच्या एका शाळेत कॅमेरा लावून ते एकेका मुलाला गृहपाठाबद्दल विचारतात. अभ्यास कोण घेतं, केला नाही तर काय होतं. मुलं सांगतात, बापाचा पट्टा, भावाची थप्पड. मग ते विचारतात, 'तंबीह' म्हणजे काय? सगळ्यांना ठाऊक. शिक्षा. आपली मराठी 'तंबी' तीच. मग विचारतात, 'तश्वीक' म्हणजे काय? तश्वीक म्हणजे उत्तेजन, शाबासकी. 'शौक' त्याच मुळाचा. पुष्कळ मुलांना हा शब्दच माहीत नसतो. शेवटी एक मुलगा कॅमेऱ्यासमोर इतका घाबरतो की दोस्ताला खोलीत आणून उभं केल्याशिवाय तो शांतच होत नाही.

हे बघून मी मराठीकडे वळून पाहिलं. फारसी-अरबीतून आपण तंबी घेतली, सजा घेतली, तश्वीक घेतली नाही. आणि संस्कृतातून आलेल्या 'शिक्षा' चा अर्थ हिंदीत विद्या आहे, मराठीत मात्र दंड. भाषेला दोष देण्यात अर्थ नाही. भाषा वर्गात जे घडतं तेच नोंदवते.

माझ्या वर्गात काय घडलं ते आता सांगायलाच हवं. हा चित्रपट बघून, आवडून, लोकांना सांगून झाल्यावरची, काही वर्षांनंतरची गोष्ट आहे. सातवीतला एक मुलगा सलग तीन दिवस मराठीचा गृहपाठ पाठकोऱ्या कागदावर लिहून आणत होता. तिसऱ्या दिवशी मी सगळ्यांसमोर म्हणाले, "उद्या वही नसेल तर वर्गात येऊ नकोस." आवाज चढलेला होता. शिक्षण हक्क कायदा तोवर लागू झालेला होता. मुलाला मारायचं नाही, मानसिक त्रास द्यायचा नाही, प्राथमिक शिक्षण पूर्ण होईपर्यंत शाळेतून काढायचं नाही, हे मी स्वतः प्रशिक्षणात इतर शिक्षकांना समजावून सांगत असे. मी मारलं नव्हतं. काढलंही नव्हतं. फक्त एक वाक्य बोलले होते.

दुसऱ्या दिवशी तो आला नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. चौथ्या दिवशी हजेरी घेताना त्याच्या नावापुढे गैरहजर लिहिलं आणि माझ्या डोळ्यांसमोर नेमतजादेचं रडणं उभं राहिलं. या गोष्टीत मी अहमद नव्हते. मी मास्तर होते. इतक्या वर्षांत हा चित्रपट मी चुकीच्या बाकावर बसून बघत आले होते.

शाळा सुटल्यावर पत्ता घेऊन निघाले. रजिस्टरमध्ये लिहिलेलं, 'मशिदीच्या मागे'. पोश्तेहमध्ये अहमद ज्याला विचारील तो नेमतजादे निघतो. आमच्या मोहल्ल्यात जो भेटेल तो शेख. "कौनसे शेख? दर्जी शेख, हमाल शेख, के बेकरीवाले?" दोन चुकीच्या दारांत उभी राहून तिसऱ्या दारात पोचले. अम्मा सुपात तेंदूपत्ता घेऊन बिड्या वळत बसली होती. मला बघून गडबडली, पदर सावरून म्हणाली, "टीचर, सनीचर को पैसे मिलतंय. तब लेतंय बोली मैं उसको बही." पोरगा दाराआड उभा. त्याने वर्गातल्या प्रत्येक तासाचा अभ्यास आपल्या दोस्ताकडून मागून पाठकोऱ्या कागदांवर उतरवला होता. कागद सुई-दोऱ्याने शिवलेले होते.

मी माफी मागितली. शिक्षिकेने मुलाची माफी मागायची पद्धत आपल्याकडे नाही, त्यामुळे त्याला काय करावं कळेना. तो "जी टीचर, जी टीचर" म्हणत राहिला. सोमवारी वर्गात आला. शिवलेली वही आणू नको म्हणाले नाही. तीच तपासली.

अहमदने खोटं केलं का?

त्यानंतर दोनेक वर्षांनी मी हा चित्रपट वर्गात दाखवला. 'दफ्तर', 'मश्क', 'दोस्त' कानावर पडलं की मुलं एकमेकांना कोपर मारत होती. आजोबांच्या सिगारेटीला हसली. काळोखात तो म्हातारा सुतार अहमदला हळूहळू चालत घर दाखवायला नेतो, लोखंडी दारं आल्यामुळे आपण केलेल्या लाकडी दारांना आता कुणी विचारत नाही हे सांगत राहतो, तेव्हा चुळबुळ झाली. म्हातारा एक फूल देतो, अहमद ते वहीत ठेवतो. घर सापडत नाही. रात्री वारा सुटलेला, दार धाडकन उघडतं, आणि अहमद जागून दोन्ही वह्यांत गृहपाठ लिहितो. सकाळी तो उशिरा येतो. मास्तर वह्या तपासत नेमतजादेपर्यंत आलेले असतात. वही वेळेवर हातात पडते. मास्तर तपासतात, समाधानाने मान हलवतात. वहीत ते फूल दिसतं आणि चित्रपट संपतो.

एका मुलीने हात वर केला. "टीचर, पण अहमदने दुसऱ्याचा होमवर्क लिहिला. ही तर चीटिंग झाली ना?"

वर्गात वाद पेटला. एक म्हणाला, जान वाचवायला खोटं चालतं. दुसरी म्हणाली, जान कुठे जात होती, फक्त मास्तर रागावले असते. तिसरा म्हणाला, वही पोचवली असती तर अमानत पूर्ण झाली असती, ती पोचवता आली नाही म्हणून त्याने नुकसान भरून दिलं. मी बराच वेळ गप्प राहिले. मला विचाराल तर मास्तरांचा नियम वाईट नव्हता. वहीत लिहिण्याने मूल आपली प्रगती मागे वळून बघू शकतं, हे ते समजावूनही सांगतात. पण नियम मोडला तर मूलच मोडायचं, असं ज्या वर्गात ठरलेलं असतं, तिथे चांगल्या मुलाला दोस्तासाठी खोटं लिहावं लागतं. त्या खोट्याचा हिशेब अहमदच्या नव्हे, मास्तरांच्या खात्यावर मांडायला हवा. हे मी मुलांना सांगितलं. ती मुलगी मात्र शेवटपर्यंत मानली नाही. "तरीपण चीटिंगच आहे," म्हणाली. तिला मी गप्प केलं नाही, एवढं या चित्रपटाने मला शिकवलं म्हणायला हरकत नाही.

किआरोस्तमी ४ जुलै २०१६ रोजी पॅरिसमध्ये वारले. हा चित्रपट आज शोधला तर मिळतो. घरात शाळेत जाणारी मुलं असतील तर त्यांच्यासोबत बसून बघा, आणि मुलं मध्येच काही विचारू लागली तर चित्रपट थांबवून आधी त्यांचं ऐकून घ्या. अहमदची आई तेवढी एकदा थांबली असती, तर वही दिवसाउजेडीच पोश्तेहला पोचली असती.